खंडणीची बॅग आणि दिवाणखान्यातले पोलिस

दिवाणखान्याच्या मधोमध ठेवलेला टेलिफोन, त्याला तारेने जोडलेला टेपरेकॉर्डर, कानांना हेडफोन लावून पायमोज्यांनिशी जमिनीवर बसलेले तीन-चार पोलिस आणि रिसीव्हरवर हात ठेवून त्यांच्या इशाऱ्याची वाट पाहणारे आईवडील, हे चित्र जपानी दूरचित्रवाणी मालिका थोड्याफार पाहिलेल्या कोणाच्याही ओळखीचे असते. पळवून नेलेले मूल कुठे आहे, त्याला जेवायला मिळाले की नाही, ते रडते आहे की झोपले आहे, यांतले काहीही आपल्याला बहुधा दाखवले जात नाही. कॅमेरा घरातच बसून राहतो आणि घरच्यांना जेवढे कळते तेवढेच आपल्याला कळते. जपानी अपहरणकथेचा ताण कुठून येतो हे समजून घ्यायचे असेल, तर कॅमेरा कोणाच्या शेजारी बसवला आहे हे आधी पाहावे.

यामागे या गुन्ह्याचे स्वतःचे एक गणित आहे. खून करणारा किंवा घर फोडणारा माणूस काम उरकून निघून जातो, आणि त्याच्या दृष्टीने गुन्हा तिथेच संपतो. खंडणीसाठी अपहरण करणाऱ्याचा गुन्हा मात्र मूल पळवल्यानंतर सुरू होतो. त्याला किमान दोनदा परत यावे लागते: एकदा मागणी कळवण्यासाठी, म्हणजे आवाजाच्या किंवा अक्षराच्या रूपाने, आणि दुसऱ्यांदा पैसे उचलण्यासाठी, म्हणजे सदेह. या दोन्ही वेळा त्याला धोका असतो आणि दोन्ही वेळा समोरच्या घराला आशा असते. धोका आणि आशा एकाच क्षणी, एकाच ठिकाणी येण्याचा असा योग दुसऱ्या कोणत्या गुन्ह्यात क्वचितच जुळतो. त्यामुळे पटकथाकाराला रहस्य बाहेरून आणून चिकटवावे लागत नाही. फोन आणि पैशांची देवघेव हे दोन खांब रोवले की मधला मांडव तो आपल्या मर्जीप्रमाणे घालू शकतो.

थोडे शब्दांविषयी सांगायला हवे. जपानी दंडसंहितेत बळाने उचलून नेण्याला ‘र्‍याकुशु’ आणि फसवून किंवा फूस लावून नेण्याला ‘यूकाई’ म्हणतात. रोजच्या बोलण्यात आणि मालिकांच्या नावांत मात्र ‘यूकाई’ हा एकच शब्द दोन्हींसाठी चालतो. २०२४ पर्यंत लागू असलेल्या भारतीय दंडसंहितेच्या मराठी भाषांतरातही ‘अपनयन’ आणि ‘अपहरण’ असे दोन शब्द होते, फक्त त्यांच्यातला भेद वेगळ्या जागी पडे, आणि आपणही बोलताना सरसकट ‘अपहरण’ किंवा ‘मूल पळवले’ एवढेच म्हणतो. गंमत म्हणजे ‘यूकाई’तला पहिला स्वर ऱ्हस्व केला की ‘युकाई’ होते आणि त्याचा अर्थ आनंददायक असा आहे. ‘दिन’ आणि ‘दीन’ यांच्यात गोंधळ करणाऱ्या मराठी माणसाला हा धोका लगेच कळेल. उत्तर कोरियाने १९७० आणि १९८० च्या दशकांत पळवून नेलेल्या नागरिकांसाठी मात्र ‘राची’ हा निराळा शब्द रूढ झाला आहे. जपान सरकार अशा १७ जणांना अधिकृतपणे अपहृत मानते आणि त्यांपैकी पाच जण २००२ साली मायदेशी परतले. तो विषय राजकारणाचा आणि न भरलेल्या जखमेचा असल्यामुळे करमणुकीच्या रहस्यकथा त्याला सहसा हात लावत नाहीत.

आज दूरचित्रवाणीवर दिसणाऱ्या दिवाणखान्याचा नकाशा १९६३ सालच्या एका चित्रपटाने घालून दिला. अकिरा कुरोसावा यांचा ‘तेंगोकु तो जिगोकु’, म्हणजे ‘स्वर्ग आणि नरक’, हा चित्रपट त्या वर्षीच्या मार्चमध्ये प्रदर्शित झाला. त्याचा आधार एड मॅकबेन या अमेरिकी लेखकाची कादंबरी असली तरी गोष्ट पूर्णपणे योकोहामाची झाली आहे. बूट बनवणाऱ्या कंपनीतला गोंदो नावाचा संचालक टेकडीवरच्या घरात राहतो, आणि कंपनी ताब्यात घेण्यासाठी त्याने घरदार गहाण टाकून पैसे उभे केले आहेत. त्याच संध्याकाळी फोन येतो की तुझा मुलगा आमच्या ताब्यात आहे, तीन कोटी येन दे. मुलगा तर घरातच सापडतो. अपहरणकर्त्याने चुकून गोंदोच्या ड्रायव्हरचा मुलगा उचलला आहे, पण मागणी तो मागे घेत नाही. आता नोकराच्या मुलासाठी मालकाने स्वतःचे सर्वस्व द्यावे का, हा प्रश्न त्या दिवाणखान्यात येऊन बसतो, आणि चित्रपटाचा जवळजवळ पहिला तास कॅमेरा तिथून हलत नाही. पोलिस डिपार्टमेंट स्टोअरची पार्सले पोचवणाऱ्या माणसांच्या वेषात घरात शिरतात. खालच्या वस्तीतून हे घर दिसते, त्यामुळे पडदे ओढले जातात, आणि ते उघडण्याची वेळ आली की पोलिसांना खाली दडावे लागते. तोशिरो मिफुने यांनी साकारलेला गोंदो येरझाऱ्या घालत राहतो आणि ड्रायव्हर कोपऱ्यात मान खाली घालून उभा असतो. त्या कोपऱ्यातल्या माणसाकडे नीट पाहिले तर कळते की तिथे सर्वांत जास्त ताण त्याच्यावर आहे, आणि एक शब्दही बोलण्याचा हक्क सर्वांत कमी त्यालाच आहे.

या चित्रपटातली पैशांची देवघेव पुढच्या पटकथाकारांसाठी शाळाच ठरली. अपहरणकर्ता सांगतो की पैसे सात सेंटिमीटरपेक्षा कमी जाडीच्या बॅगांत भरा आणि ‘कोदामा’ या जलद गाडीत बसा. सात सेंटिमीटर कशासाठी, हे प्रेक्षकाला आणि पोलिसांना गाडी सुटल्यावर कळते. गाडीच्या खिडक्या बंद असतात, फक्त प्रसाधनगृहाची खिडकी सात सेंटिमीटर उघडते आणि तिथूनच बॅगा पुलाजवळ खाली टाकायच्या असतात. त्याआधीच्या रात्रीचा प्रसंग मला त्याहून मोलाचा वाटतो. बॅग जाळली तर रंगीत धूर आणि पाण्यात बुडवली तर वास येईल अशी रसायने पोलिसांनी आणलेली असतात, ती बॅगेच्या कातड्यात बेमालूम शिवायची असतात, आणि कारागीर म्हणून आयुष्य सुरू केलेला गोंदो आपली जुनी हत्यारे काढून, जमिनीवर बसून, ते काम स्वतः करतो. कृष्णधवल चित्रपटात पुढे एका धुरांड्यातून एकदाच गुलाबी धूर निघतो. पस्तीस वर्षांनंतर, ‘ओदोरु दाइसोसासेन’ या लोकप्रिय पोलिस मालिकेच्या १९९८ सालच्या चित्रपटात नायकाला धुरांड्यातून रंगीत धूर निघताना दिसतो आणि तो सरळ कुरोसावांच्या चित्रपटाचे नावच उच्चारतो. खुद्द मूळ कथेवर २००७ साली तेरेबी आसाही वाहिनीने कोइची सातो यांना गोंदो करून नवे दूरचित्रवाणी नाट्य केले.

चित्रपट लागून महिना होतो न होतो तोच, ३१ मार्च १९६३ रोजी, टोकियोच्या ताइतो भागातल्या एका बागेतून चार वर्षांचा मुलगा नाहीसा झाला. मागणी होती पाच लाख येनची. अपहरणकर्त्याने सांगितलेल्या जागी आईने पैसे ठेवायचे आणि खूण म्हणून तिथे मुलाचा बूट असेल, असे फोनवर ठरले. आई पोचली, बूट सापडला, पैसे ठेवले गेले, पण पोलिस काही मिनिटे उशिरा पोचले आणि तेवढ्यात पैसे उचलले गेले होते. नोटांचे क्रमांकही टिपून ठेवलेले नव्हते. पुढे पोलिसांनी अपहरणकर्त्याचा ध्वनिमुद्रित आवाज रेडिओ आणि दूरचित्रवाणीवरून देशभर ऐकवला, आणि एका गुन्हेगाराचा आवाज घराघरांत पोचला. दोन वर्षांनंतर, १९६५ साली, हाचिबेई हिरात्सुका या पोलिस अधिकाऱ्याने संशयिताला बोलते केले. मुलाचा जीव अपहरणाच्या दिवशीच गेला होता. घरातली माणसे फोनजवळ बसून ज्याच्यासाठी घासाघीस करत होती ते मूल पहिल्या फोनच्या आधीच या जगात नव्हते, ही गोष्ट जपानी प्रेक्षकाच्या मनात तेव्हापासून घर करून आहे. आजही एखाद्या मालिकेत वडील फोनवर ‘आधी मुलीचा आवाज ऐकव’ म्हणतात तेव्हा त्यामागे ही जुनी भीती असते.

या घटनेवरच्या दूरचित्रवाणी नाट्यांत कॅमेऱ्याने जागा बदललेली दिसते. १९७९ साली दाखवलेल्या नाट्यात गायक शिगेरु इझुमिया यांनी गुन्हेगाराची भूमिका केली आणि गोष्ट बरीचशी त्याच्या अंगाने गेली. २००९ साली केन वातानाबे यांनी हिरात्सुका साकारले तेव्हा कॅमेरा तपास करणाऱ्याच्या खांद्यावर आला होता. घटना एकच असली तरी प्रेक्षकाला कोणाच्या मागे चालायला लावायचे, हा निर्णय दोन्ही वेळा वेगळा होता.

त्या प्रकरणाने कायदाही बदलला. १९६४ साली दंडसंहितेत खंडणीसाठी अपहरणाचे स्वतंत्र कलम आले, त्यानुसार जन्मठेप किंवा किमान तीन वर्षांची कैद होऊ शकते. त्याच दुरुस्तीत आणखी एक तरतूद झाली जी पटकथाकारांना फार उपयोगी पडते: खटला दाखल होण्यापूर्वी अपहृत व्यक्तीला सुरक्षित ठिकाणी सोडून दिले तर शिक्षा कमी केली जाते. म्हणजे मूल जिवंत परत करण्यात अपहरणकर्त्याचाही फायदा राहावा अशी सोय कायद्यानेच करून ठेवली आहे. मालिकेतला पोलिस किंवा मध्यस्थ फोनवर ‘अजून वेळ गेलेली नाही’ असे म्हणतो तेव्हा ती नुसती समजूत नसते, त्याच्या पाठीशी कलम असते.

यापेक्षाही जपानी म्हणता येईल अशी गोष्ट म्हणजे वृत्तपत्रांचे मौन. १९६० साली टोकियोतल्या एका शाळकरी मुलाच्या अपहरणाच्या बातम्या उघडपणे छापल्या गेल्या होत्या. पुढे पकडल्या गेलेल्या गुन्हेगाराने सांगितले की त्या बातम्यांनी तो कोंडीत सापडला होता. मुलाचा खून झालेला होता. वृत्तसृष्टीने या प्रकरणाचा धसका घेतला आणि त्यातून ‘होदो क्योतेई’, म्हणजे वार्तांकनाविषयीचा करार, ही पद्धत आली. पोलिस विनंती करतात, वृत्तपत्रे आणि वाहिन्या मूल सुखरूप सापडेपर्यंत किंवा धोका टळेपर्यंत एक ओळही प्रसिद्ध न करण्याचे मान्य करतात, आणि त्या बदल्यात पोलिस पत्रकारांना तपासाची सर्व माहिती वेळोवेळी देत राहतात. हा सौदा आहे, आणि सौदा म्हटला की कोणीतरी फसवले जाण्याची शक्यता आली. आपल्याकडे अपहरणाची बातमी वाहिन्यांवर तासाभरात ‘ब्रेकिंग’ होताना पाहिलेल्या प्रेक्षकाला, शे-दोनशे पत्रकार एका सभागृहात कोंडून घेऊन, सगळे ठाऊक असून काहीच छापत नाहीत, हे दृश्य प्रथम अविश्वसनीय वाटते.

या सौद्याच्या शिवणीवर बोट ठेवून हिदेओ योकोयामा यांनी २०१२ साली ‘रोकुयोन’ ही कादंबरी लिहिली. एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीने २०१५ साली पिएर ताकी यांना घेऊन तिची पाच भागांची मालिका केली आणि २०१६ साली दोन भागांत चित्रपट आला, ज्यात पूर्वीचे ‘गोंदो’ म्हणजे कोइची सातो प्रमुख भूमिकेत होते. रोकुयोन म्हणजे सहा-चार, चौसष्ट. सम्राट हिरोहितो यांचे ७ जानेवारी १९८९ रोजी निधन झाले आणि त्यांच्या कारकिर्दीबरोबर मोजल्या जाणाऱ्या शोवा शकाचे चौसष्टावे वर्ष अवघ्या सात दिवसांत संपले. त्याच सात दिवसांत एका प्रांतात सात वर्षांच्या मुलीचे अपहरण आणि खून होतो. देश सम्राटाच्या शोकात आणि नव्या शकाच्या स्वागतात असतो, त्यामुळे ती मुलगी जणू कॅलेंडरातूनच गळून पडते. कथेचा नायक मिकामी गुन्हा शोधणारा राहिलेला नाही. पूर्वी तपास करणारा हा माणूस आता पोलिसांच्या जनसंपर्क विभागात आहे आणि नावे जाहीर करण्यावरून पत्रकारांशी त्याची रोज वादावादी चालू आहे. चौदा वर्षांनंतर जुन्या पद्धतीची हुबेहूब नक्कल करणारे दुसरे अपहरण होते, वार्तांकनाचा करार करायची वेळ येते, आणि पोलिस कुटुंबाचे नावच सांगायला तयार नसतात. राजधानीहून आलेल्या पत्रकारांचा जमाव खवळतो. गुन्हा एका ठिकाणी घडत असताना खरी लढाई पत्रकार परिषदेच्या खोलीत चालू राहते. रहस्यकथेत इतका वेळ टिपणे वाचून दाखवण्यात घालवावा आणि तरी श्वास रोखला जावा, हे मी दुसरीकडे क्वचित पाहिले आहे.

त्याच कथेत टेपरेकॉर्डरही आहे. खंडणीचा फोन येतो तेव्हा ध्वनिमुद्रण होत नाही, आणि ही चूक पोलिस वर्षानुवर्षे दडपून ठेवतात. वडिलांना एका दुकानातून दुसऱ्या दुकानात फोनवर पळवत अखेर नोटांची सूटकेस पुलावरून नदीत टाकायला लावली जाते. म्हणजे वर सांगितलेले दोन्ही खांब इथे आहेत, फक्त त्यांतला एक आतून पोकळ निघतो. आवाज वडिलांनी ऐकला होता, पोलिसांनी जपला नाही. पुढे वडील त्या आवाजाचे काय करतात ते सांगून मी कोणाचा रसभंग करणार नाही.

टेलिफोनवरचा माग, ज्याला जपानीत ‘ग्याकुतान्ची’ म्हणतात, त्याविषयी एक गैरसमज दूर केलेला बरा. ‘आणखी तीस सेकंद बोलत राहा’ हा इशारा अजूनही मालिकांत दिसतो. त्यामागचे तंत्र जुन्या यांत्रिक एक्स्चेंजचे होते. तिथे चालू असलेला कॉल एका स्विचमधून दुसऱ्या स्विचमध्ये असा प्रत्यक्ष जोडलेला असे, आणि तंत्रज्ञांना ती जोडणी एकेक टप्पा मागे शोधत जावी लागे. बोलणे संपले की जोडणी सुटे आणि माग संपे. डिजिटल एक्स्चेंज आल्यावर फोन करणारा क्रमांक कॉल लागताच यंत्रात नोंदला जाऊ लागला, त्यामुळे बोलणे लांबवण्याची गरज उरली नाही. तरीही पटकथाकारांनी ते घड्याळ सोडले नाही, आणि त्यांना दोष द्यावासा मला वाटत नाही. सेकंदकाटा हा माग काढण्यासाठी नसून प्रेक्षकाला खुर्चीच्या कडेवर आणण्यासाठी असतो. मोबाइल आल्यावर मात्र खरी पंचाईत झाली, कारण फोन दिवाणखान्यातून खिशात गेला, आणि सगळ्यांनी एकाच यंत्राभोवती बसण्याचे कारणच संपले. हल्लीच्या मालिका मोबाइल स्पीकरवर ठेवून टेबलाच्या मधोमध ठेवतात, म्हणजे जुनाच दिवाणखाना नव्या यंत्राने पुन्हा मांडतात.

खंडणीच्या रकमेकडे वजनाच्या नजरेने पाहण्याची सवय लावून घेतली की या मालिका जास्त रंगतात. जपानमधली सर्वांत मोठी नोट दहा हजार येनची आहे, ती १९५८ साली आली आणि तिच्या वर नोट अजून निघालेली नाही. एका नोटेचे वजन साधारण एक ग्रॅम. म्हणजे १९६३ सालचे पाच लाख येन हे जेमतेम ५० ग्रॅमचे पुडके होते, पाकिटात मावेल एवढे. दहा कोटी येन म्हणजे १० किलो, आणि पन्नास कोटी म्हणजे ५० किलो, तांदळाचे एक पोते. आपल्याकडच्या बोलीत लाखाला ‘पेटी’ आणि कोटीला ‘खोका’ म्हणतात, त्यात हाच हिशेब आहे: रक्कम मोठी झाली की ती आकडा राहत नाही, सामान होते. सामान उचलायला माणूस लागतो, गाडी लागते, वेळ लागतो, आणि तेवढा वेळ अपहरणकर्ता उघडा पडतो. म्हणून मोठी मागणी ऐकली की चतुर प्रेक्षकाने विचारावे की हे उचलणार कसे, आणि उत्तर सापडले नाही तर समजावे की पैसे हा हेतूच नसावा.

असा प्रश्न संपूर्ण जपानला १९८४ साली पडला होता. १८ मार्च रोजी एझाकी ग्लिको या मिठाई कंपनीच्या अध्यक्षांना त्यांच्या घरातून, ते मुलांसह अंघोळ करत असताना, पळवून नेण्यात आले. मागणी होती १०० कोटी येन रोख आणि १०० किलो सोने. वरच्या हिशेबाने रोख रकमेचेच वजन १०० किलो भरते, म्हणजे एकूण २०० किलोंची खंडणी. अध्यक्ष तिसऱ्या दिवशी स्वतःच निसटले. मग त्याच टोळीने खाद्यपदार्थांत विष घालण्याच्या धमक्या देत एकामागून एक कंपन्या वेठीला धरल्या आणि पोलिसांची टिंगल करणारी पत्रे वृत्तपत्रांना पाठवली. कोणीही पकडले गेले नाही, आणि २००० साली खटला भरण्याची मुदत संपली. काओरु ताकामुरा यांची १९९७ सालची ‘लेडी जोकर’ ही कादंबरी या घटनेच्या सावलीत लिहिलेली आहे आणि वाउवाउ वाहिनीने २०१३ साली तिची मालिका केली. त्यात बिअर कंपनीच्या अध्यक्षाला पळवतात आणि लवकरच सोडूनही देतात, पण त्याच्यासोबत निरोप पाठवतात की खरा ओलीस तू नाहीस, तुझ्या कंपनीची बिअर आहे. इथे दिवाणखान्याची जागा संचालक मंडळाच्या खोलीने घेतलेली असते. मूल हरवलेल्या बापाने जे करावे ते आता कंपनी करते: पोलिसांना काय सांगायचे आणि काय लपवायचे ते ठरवते. फरक एवढाच की बापाला लाज वाटत असते.

मालिकांच्या आकाराचाही या सगळ्याशी संबंध आहे. जपानी वाहिन्यांवर मालिकांचे हंगाम तीन-तीन महिन्यांचे असतात आणि बहुतेक मालिका दहा-अकरा भागांत संपतात. १९७० च्या दशकाच्या अखेरीपासून ‘दोयो वाइडो गेकिजो’ आणि ‘कायो सासुपेन्सु गेकिजो’ यांसारख्या आठवड्याच्या ठरलेल्या वेळी दिसणाऱ्या एकसलग रहस्यनाट्यांचे युग होते, आणि दोन तासांच्या नाट्याला एक अपहरण बरोबर पुरते. दहा आठवडे ताणायचे म्हटले की एका खंडणीत भागत नाही. टीबीएस वाहिनीवर २०२२ साली एप्रिल ते जून या काळात दाखवलेली ‘माय फॅमिली’ ही मालिका या अडचणीतून चांगली वाट काढते. गेम बनवणाऱ्या कंपनीचा तरुण मालक हारुतो, ही भूमिका काझुनारी निनोमिया यांची, बायकोशी जवळजवळ बोलेनासा झाला आहे. मुलगी पळवली जाते, मागणी ५० कोटी येन. पोलिस दिवाणखान्यात येऊन बसतात, नेहमीची यंत्रे मांडली जातात, आणि मग नवरा-बायको ठरवतात की पोलिसांना घराबाहेर काढायचे. साठ वर्षे ज्या सोफ्यावर पोलिस बसत आले तो रिकामा झाला की घरात फक्त दोन माणसे उरतात, ज्यांना एकमेकांशी बोलावेच लागते. पुढे दुसऱ्या घरातले मूल नाहीसे होते आणि अपहरणकर्ता मध्यस्थ म्हणून हारुतोलाच नेमतो. म्हणजे फोनच्या एका बाजूला बसलेला बाप हळूहळू दुसऱ्या बाजूला सरकू लागतो, आणि मित्र, वकील, माजी पोलिस यांपैकी कोणावर विश्वास ठेवावा हे प्रेक्षकाला दर रविवारी नव्याने ठरवावे लागते. उत्तरार्धात योगायोग जरा जास्त झाले आहेत, हेही मान्य करायला हवे.

‘शिन्हान्निन फ्लॅग’ ही निप्पॉन टीव्हीची मालिका ऑक्टोबर २०२१ ते मार्च २०२२ अशी दोन हंगाम चालली. तिच्यात बायको आणि दोन मुले एकाच दिवशी नाहीशी होतात, खंडणीचा फोन येत नाही, आणि मागे उरलेला नवरा, म्हणजे हिदेतोशी निशिजिमा, आधी सहानुभूतीचा आणि मग संशयाचा धनी होतो. वृत्तपत्रांनी एकेकाळी पाळलेले मौन इंटरनेटवर कोण पाळणार? घराभोवती आता कराराने बांधलेले पत्रकार नसून मोबाइल घेऊन उभे असलेले अनोळखी लोक आहेत. मालिका संपेपर्यंत प्रेक्षकांनीही समाजमाध्यमांवर खरा गुन्हेगार कोण याचे तर्क लढवले, आणि ते करताना पडद्यावरच्या त्या गर्दीहून आपण फार वेगळे नाही हे किती जणांच्या लक्षात आले, देव जाणे.

आता शेवटच्या, आणि माझ्या मते सर्वांत मोठ्या, वळणाकडे येतो. २०१० साली काही महिन्यांच्या आत दोन मालिकांनी कॅमेरा उचलला आणि अपहरणकर्तीच्या शेजारी नेऊन बसवला. यूजी साकामोतो यांनी लिहिलेल्या ‘मदर’मध्ये होक्काइदो बेटावरच्या मुरोरान शहरातली शिक्षिका नाओ, ही भूमिका यासुको मात्सुयुकी यांची, आपल्या वर्गातल्या मुलीचा घरी छळ होतो आहे हे पाहते. थंडीच्या रात्री त्या मुलीला कचऱ्याच्या पिशवीत घालून घराबाहेर ठेवलेले तिला सापडते. ती मुलीला घेऊन पळते, तिला नवे नाव देते आणि आई व्हायला लागते. कायद्याच्या नजरेने हे अल्पवयीनाचे अपहरणच आहे, त्याला तीन महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, आणि मूल खुशीने आले हा बचाव होत नाही. आता प्रेक्षकाचे हृदय फोन वाजल्यावर धडधडत नाही, पोलिसांच्या गाडीचा आवाज आल्यावर धडधडते. मूल सापडू नये असे वाटायला लावणारी ही अपहरणकथा तुर्कस्तानात आणि दक्षिण कोरियात पुन्हा केली गेली आणि दोन्हीकडे गाजली.

मध्येच एक छोटी नोंद. मित्सुयो काकुता यांच्या कथेवरून एनएचकेने २०१६ साली केलेल्या ‘किडनॅप टूर’मध्ये तर वेगळा राहणारा बापच स्वतःच्या मुलीला पळवून नेतो आणि दोघे उन्हाळी सुट्टीत भटकतात. ती हलकीफुलकी आहे, पण तिच्या तळाशी खरा प्रश्न आहे. जपानमध्ये घटस्फोटानंतर मुलाचा ताबा एकाच पालकाकडे जात असे, संयुक्त ताब्याची मुभा देणारा बदल २०२४ साली संमत झाला. सीमेपार नेलेल्या मुलांविषयीच्या हेग करारात जपान २०१४ साली सामील झाला, भारत अजून झालेला नाही, आणि परदेशात संसार मोडलेल्या मराठी घरांनाही याची झळ लागलेली आहे.

याच लेखिकेच्या २००७ सालच्या ‘योकामे नो सेमी’ या कादंबरीवरची मालिका हे २०१० मधले दुसरे उदाहरण. किवाको नावाची स्त्री, मालिकेत रेई दान, आपल्या विवाहित प्रियकराचे तान्हे बाळ उचलून पळते आणि जवळजवळ चार वर्षे तिला स्वतःची मुलगी म्हणून वाढवते, शेवटी शोदोशिमा या बेटावर. इथे खंडणी नाही, मागणी नाही, फोन नाही. ज्या घरातून बाळ गेले त्या घराचा दिवाणखाना जवळजवळ नजरेआड जातो, आणि तिथे चार वर्षे काय सडत राहिले ते आपल्याला उशिरा, मुलगी मोठी झाल्यावर, तिच्याच डोळ्यांनी दिसते. पोलिस किवाकोला बोटीच्या धक्क्यावर गाठतात. मुलीला तिच्या हातून काढून दुसरीकडे नेले जाते, आणि ती स्त्री पोलिसांना ओरडून सांगते ती गोष्ट एवढीच असते की पोरीचा सकाळचा नाश्ता अजून झालेला नाही.